जेऊर ते बर्लिन : नागराज मंजुळे यांच्या चित्रपटांतील ‘मी’ आणि ‘गाव’

चित्रपटाच्या व्यवहारात ‘स्वतंत्र’ हे विशेषण फार सैलपणे वापरले जाते. ज्या दिग्दर्शकापाशी भांडवल नाही तो स्वतंत्र, ज्याचा चित्रपट चालत नाही तो स्वतंत्र, आणि ज्याच्या चित्रपटात गाणी नाहीत तो तर निश्चितच स्वतंत्र, अशी आपली समजूत होऊन बसलेली दिसते. या समजुतीच्या कसोटीवर श्री. नागराज मंजुळे यांची कारकीर्द घासून पाहिली तर मोठी पंचाईत होते. त्यांचा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट ‘फँड्री’ या व्याख्येत बसतो. दुसरा ‘सैराट’ मुळीच बसत नाही, कारण त्याच्यामागे एका मोठ्या वाहिनीसमूहाचे भांडवल होते, त्यात चार गाणी होती, आणि १०० कोटी रुपयांच्या उत्पन्नाचा टप्पा ओलांडणारा तो पहिला मराठी चित्रपट ठरला. मग दोन वर्षांच्या अवधीत हा दिग्दर्शक स्वतंत्र राहिला नाही, असे म्हणावयाचे काय? प्रस्तुत लेखकास तसे वाटत नाही. व्याख्याच तपासून घेतली पाहिजे, असे वाटते. आणि ती तपासण्यास सोलापूर जिल्ह्याच्या अभ्यासकांस जेऊरच्या या कलावंताइतके जवळचे व सोयीचे उदाहरण दुसरे मिळणार नाही.

दौंड-सोलापूर लोहमार्गावर भिगवण सोडल्यानंतर कुर्डुवाडीच्या अलीकडे जेऊर हे स्थानक लागते. त्याच मार्गावर, कुंकवासाठी प्रसिद्ध असलेले केम हे गाव आहे. हा सगळा करमाळा तालुका. एका बाजूस उजनी धरणाचे अथांग पाणी, आणि त्या पाण्यापासून थोडे दूर गेले की कोरडे माळ. उजनीच्या जलाशयाने काही गावे उसाची केली, काही गावे पोटात घेतली, आणि मासेमारीचा एक नवा व्यवसाय या भागात रुजविला. ‘सैराट’मधील नायकाचे घर मासे धरणाऱ्याचे का आहे आणि नायिकेच्या वडिलांच्या ऐश्वर्याच्या भोवती ऊस व केळी का आहेत, हे ज्याला तालुक्याचा नकाशा ठाऊक आहे त्याला निराळे सांगावे लागत नाही.

या गावात, दगड फोडण्याच्या परंपरागत व्यवसायाशी ज्याचे नाव जोडले गेले आहे त्या वडार समाजात, श्री. मंजुळे यांचा जन्म झाला. दहावीच्या परीक्षेत आपण प्रथम अनुत्तीर्ण झालो होतो, ही गोष्ट त्यांनी स्वतःच अनेक जाहीर व्यासपीठांवरून सांगितली आहे. पुढे त्यांनी पुणे विद्यापीठातून मराठी विषय घेऊन एम. ए. केले आणि त्यानंतर अहमदनगर (आजचे अहिल्यानगर) येथील न्यू आर्ट्स, कॉमर्स अँड सायन्स महाविद्यालयात संज्ञापन अभ्यासाची पदव्युत्तर पदवी घेतली. हा तपशील आपल्या वाचकांनी विशेष ध्यानात घ्यावा असा आहे. मराठी चित्रपटसृष्टीत येण्याचे रूढ मार्ग आजवर तीन होते : कोल्हापूरच्या किंवा पुण्याच्या स्टुडिओतील उमेदवारी, मुंबई-पुण्याची रंगभूमी, आणि पुण्याची चित्रपट संस्था. श्री. मंजुळे यांपैकी एकाही मार्गाने आले नाहीत. ते मराठी साहित्याच्या वर्गातून आणि एका जिल्ह्याच्या गावी असलेल्या महाविद्यालयातून आले. त्याच महाविद्यालयाच्या परिसरातून ‘ख्वाडा’चे दिग्दर्शक श्री. भाऊराव कऱ्हाडे हेही पुढे आले, यावरून तो केवळ एकाचा योगायोग नव्हता हे दिसून येते.

दिग्दर्शक होण्याच्या आधी ते कवी आहेत. ‘उन्हाच्या कटाविरुद्ध’ हा त्यांचा कवितासंग्रह, आणि त्यास मिळालेला भैरुरतन दमाणी साहित्य पुरस्कार हा सोलापूरचाच. म्हणजे राष्ट्रीय पारितोषिके नंतर आली असली तरी या लेखकाची दखल घेणाऱ्यांत त्याच्या जिल्ह्याचा वाटा आहे, ही गोष्ट आपण थोड्या समाधानाने नोंदवू शकतो. त्या कवितेचा आणि नंतरच्या चित्रपटांचा संबंध मात्र उपमा-प्रतिमांत शोधू नये. तो संबंध संयमाचा आहे. कमी बोलून थांबण्याची जी सवय लहान कवितेने लावली, ती ‘फँड्री’च्या अखेरच्या पाव तासात उपयोगी पडलेली दिसते.

येथे एका गैरसमजाचा विचार केला पाहिजे. श्री. मंजुळे यांचे चित्रपट ‘आत्मचरित्रात्मक’ आहेत असे सर्रास म्हटले जाते, आणि ‘फँड्री’ स्वानुभवाशी निगडित असल्याचे त्यांनी स्वतःही सांगितले आहे. परंतु ‘फँड्री’तील जब्या हा वडार समाजातील मुलगा नाही, तो कैकाडी कुटुंबातील आहे. घरात ती माणसे कैकाडी भाषेत बोलतात, आणि ‘फँड्री’ हा शब्दही त्याच भाषेतला, डुक्कर या अर्थाचा. आत्मकथन लिहिणारा लेखक ‘मी’ म्हणतो तेव्हा जात, गाव, आईबापांची नावे या साऱ्यांची हमी देतो. दया पवार यांचे ‘बलुतं’ (१९७८), लक्ष्मण माने यांचे ‘उपरा’ (१९८०), लक्ष्मण गायकवाड यांचे ‘उचल्या’ (१९८७) या ग्रंथांची ताकद त्या हमीत आहे. करमाळा तालुक्यातीलच डॉ. किशोर शांताबाई काळे यांनी ‘कोल्हाट्याचं पोर’मध्ये आईचे नाव आपल्या नावात घेऊन ती हमी आणखी कडक केली. चित्रपटकाराने मात्र ती हमी मुद्दाम मोडली आहे. आपली लाज, आपला राग, आपले पहिले प्रेम त्याने शेजारच्या घरातील मुलाला देऊन टाकले. हा बदल वरवरचा नाही. आत्मकथनाची ‘मी’ अशी जी जागा होती ती येथे ‘आपल्यापैकी कोणीही’ अशी झाली. आणि तसे झाल्यामुळेच, मला वाटते, ‘फँड्री’ पाहणारा सवर्ण प्रेक्षकही काही काळ जब्याच्या बाजूस उभा राहतो. शेवटी त्याला त्याची किंमत मोजावी लागते, ती गोष्ट निराळी.

कैकाडी आणि पारधी या दोन समाजांची नावे सोलापूरच्या वाचकास परकी नाहीत. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्यान्वये ज्यांना जन्मतः गुन्हेगार ठरविले गेले त्यांच्यासाठी सोलापुरात तारेच्या कुंपणाची मोठी वसाहत होती. तेथे हजेरी होती, परवान्यावाचून बाहेर जाण्यास बंदी होती, आणि तेथील माणसे शहराच्या गिरण्यांत काम करीत. ३१ ऑगस्ट १९५२ रोजी तो कायदा रद्द झाला. ‘सेटलमेंट’ हे नाव शहरात आजही टिकून आहे. ‘फँड्री’तील जब्या कैकाडी आहे व ‘सैराट’मधील परशा पारधी आहे, ही निवड करताना दिग्दर्शकापुढे हा इतिहास पोथीतल्यासारखा उघडा होता असा दावा मला करावयाचा नाही. पण कुंपण गेल्यावर गाव कुंपणाचे काम कसे करू लागते, हा या दोन्ही चित्रपटांचा विषय आहे, आणि त्याची पूर्वपीठिका आपल्याच शहरात आहे.

आता कृतींकडे वळू. ‘पिस्तुल्या’ हा लघुपट शाळेत जाऊ पाहणाऱ्या एका लहान मुलाचा. तो विद्यार्थिदशेत, अभ्यासक्रमाचा भाग म्हणून तयार झाला, आणि ५८ व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत पदार्पणाच्या कथाबाह्य चित्रपटाचे पारितोषिक त्यास मिळाले. त्यातील सूरज पवार हा मुलगा पुढे ‘फँड्री’त जब्याचा मित्र पिऱ्या झाला, आणि ‘सैराट’मध्ये आर्चीचा भाऊ प्रिन्स. शाळेच्या दाराबाहेर उभ्या असलेल्या मुलापासून महाविद्यालयात प्राध्यापकाच्या थोबाडीत मारणाऱ्या पाटलाच्या मुलापर्यंतचा हा प्रवास एकाच चेहऱ्याने केला. जातीचे चेहरे ‘ओळखू येतात’ असे मानणाऱ्या नटनिवडीच्या रूढीवर याहून चांगले भाष्य मला ठाऊक नाही, आणि ते चित्रपटात कोठेही उच्चारलेले नाही.

‘फँड्री’ २०१३ साली लंडन व मुंबई येथील महोत्सवांत दाखविला गेला आणि १४ फेब्रुवारी २०१४ रोजी प्रदर्शित झाला. प्रेमिकांचा दिवस म्हणून जो दिवस साजरा होतो त्याच दिवशी तो आला, यात जाहिरातीचा चाणाक्षपणा होता, तसा उपरोधही होता. कथा म्हणावी तर एवढीच : जब्याला वर्गातील शालू आवडते, काळी चिमणी पकडून तिची राख शालूवर टाकली तर ती वश होईल असे त्याला वाटते, आणि त्याच्या बापाला, कचरू मान्याला, गावातील डुकरे पकडण्याचे काम करावे लागते. काळ्या चिमणीची ही कल्पना ज्याच्या नादाने वाढते तो सायकलच्या दुकानाचा मालक चंक्या दिग्दर्शकाने स्वतःच रंगविला आहे. म्हणजे चित्रपटात ‘मी’ दोन ठिकाणी विभागलेला आहे. एक, ज्याला अजून आशा आहे. दुसरा, ज्याची आशा विझून तिची अंधश्रद्धा झाली आहे. कचरूच्या भूमिकेतील श्री. किशोर कदम यांच्या कामाबद्दल पुष्कळ लिहिले गेले आहे. येथे इतकेच म्हणतो की त्यांची पाठ त्यांच्या चेहऱ्याहून जास्त बोलते. जब्याचे काम करणारा सोमनाथ अवघडे हा केम येथील हलगी वाजविणारा मुलगा. त्यास बालकलाकाराचे राष्ट्रीय पारितोषिक मिळाले, आणि चित्रपटास पदार्पणाच्या कृतीचे इंदिरा गांधी पारितोषिक.

चित्रपटाच्या उत्तरार्धात एक प्रसंग आहे, ज्यावर स्वतंत्र निबंध व्हावा. गावातल्या डुकरांचा बंदोबस्त करावयास मान्यांचे सारे कुटुंब शाळेच्या परिसरात उतरले आहे. पोरे कुंपणावर बसून गंमत पाहत आहेत, मोबाईलवर छायाचित्रे काढीत आहेत. डुक्कर आता हाती लागणार, इतक्यात शाळेत राष्ट्रगीत सुरू होते. जब्या ताठ उभा राहतो. पाठोपाठ बाप, आई, बहिणी, सारे जण थबकतात. डुक्कर मात्र निघून जाते. या दृश्यावर प्रेक्षक प्रथम हसतो, हे मी अनेकदा पाहिले आहे. नंतर हसू विरते. महाराष्ट्रात २००३ सालापासून चित्रपटगृहांत खेळापूर्वी राष्ट्रगीत होत आले. म्हणजे २०१४ साली हा चित्रपट पाहणारा प्रत्येक जण तासाभरापूर्वी स्वतः खुर्चीतून उठून उभा राहिला होता. पडद्यावर ते पुन्हा सुरू झाल्यावर आपण उठावे की बसावे, हा प्रश्न त्याला पडला असेलच. (चित्रपटाच्या कथानकातच राष्ट्रगीत असेल तर प्रेक्षकांनी उभे राहण्याची आवश्यकता नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने पुढे फेब्रुवारी २०१७ मध्ये स्पष्ट केले.) राष्ट्राचा मान राखण्यासाठी जो थांबतो त्याचे त्या दिवसाचे काम बुडते, आणि जे कुंपणावर बसून हसत होते त्यांचे काहीच बुडत नाही. एवढा आशय एका शब्दाविना सांगितला गेला आहे. मग काठीला बांधलेले डुक्कर खांद्यावरून नेले जाते, तेव्हा मागे शाळेची भिंत दिसते. भिंतीवर आंबेडकर, फुले, सावित्रीबाई, गाडगेबाबा यांची चित्रे आहेत. काही समीक्षकांना हे दृश्य अतिस्पष्ट वाटले. मला तसे वाटत नाही, कारण अशा भिंती या जिल्ह्यात गावोगाव आहेत. दिग्दर्शकाने त्या रचल्या नाहीत, कॅमेरा फक्त त्यांच्या समोर ठेवला.

अखेरीस जब्या दगड उचलतो आणि तो दगड थेट आपल्याकडे, प्रेक्षकाकडे येतो. दिग्दर्शकाच्या समाजाचा परंपरागत व्यवसाय आणि हा दगड यांची सांगड घालण्याचा मोह विद्यार्थ्यांना होतो, तो आवरावा. दगडाचा अर्थ त्याच्या दिशेत आहे. आतापर्यंत जो प्रेक्षक जब्याच्या बाजूस उभा होता त्याला कुंपणावरच्या पोरांच्या रांगेत नेऊन बसविले जाते.

याच ठिकाणी ‘स्वतंत्र’ या शब्दाचा एक अर्थ हाती लागतो. प्रेक्षकाला दुखावण्याचे स्वातंत्र्य ज्याने आपल्या हाती ठेवले, तो स्वतंत्र. मग पैसा कोणाचाही असो.

‘फँड्री’ प्रदर्शित झाल्यानंतर अडीच महिन्यांनी, २८ एप्रिल २०१४ रोजी, करमाळ्याच्या शेजारच्या जामखेड तालुक्यात खर्डा गावी एका सतरा वर्षांच्या दलित विद्यार्थ्याची हत्या झाली. वरच्या जातीतील मुलीशी तो बोलला, हा संशय हे कारण सांगितले गेले. नोव्हेंबर २०१७ मध्ये त्या खटल्यातील आरोपी अहमदनगरच्या न्यायालयात निर्दोष सुटले. ‘सैराट’ची कथा या घटनेवरून घेतली असे म्हणण्यास आधार नाही आणि तसे म्हणण्याची गरजही नाही. परंतु २९ एप्रिल २०१६ रोजी ‘सैराट’ प्रदर्शित झाला तेव्हा या भागातील प्रेक्षक काय मनात घेऊन चित्रपटगृहात शिरला होता, हे जाणल्यावाचून त्या चित्रपटाच्या शेवटाचा परिणाम समजत नाही.

त्याआधी फेब्रुवारीत बर्लिनच्या महोत्सवात, कुमारवयीन प्रेक्षकांसाठी असलेल्या विभागात, तो दाखविला गेला होता. बर्लिनचे नाव निघाले म्हणून एक स्मरण द्यावेसे वाटते. पंढरपुरात जन्मलेले व सोलापुरात शिकलेले डॉ. जब्बार पटेल यांचा ‘सामना’ १९७५ साली त्याच महोत्सवात गेला होता. त्याही चित्रपटात साखर कारखान्याचा सर्वसत्ताधीश आणि त्याच्या गावात दडपलेला एक खून होता. दोहोंमध्ये ४१ वर्षांचे अंतर. ‘सामना’त प्रश्न विचारणारा मास्तर बाहेरून आलेला, शिकलेला, गांधीवादी मनुष्य आहे, ‘सैराट’मध्ये बाहेरून कोणीच येत नाही. गावातील मुलेच प्रश्न होतात. ग्रामीण सत्तेकडे पाहणारी नजर बाहेरच्या निरीक्षकाकडून खुद्द भोगणाऱ्याकडे कशी सरकली, याचा अभ्यास या दोन चित्रपटांच्या आधारे उत्तम होईल.

‘सैराट’चा पूर्वार्ध पाहून जाणकारांपैकी अनेकांनी नाके मुरडली होती. मंद गतीने धावणारा नायक, विहिरीतील उड्या, पाश्चात्त्य वाद्यवृंदाचे संगीत : हे तर धंदेवाईक हिंदी चित्रपटाचेच साहित्य! अजय-अतुल यांनी त्याचे वाद्यवृंदसंगीत लॉस एंजेलिस येथे ध्वनिमुद्रित केले होते. करमाळ्याच्या माळावर हॉलिवूडचा वाद्यमेळ, हे दृश्य विचित्र खरेच. परंतु चारही गाणी पूर्वार्धात आहेत. आर्ची व परशा गाव सोडून पळतात त्यानंतर एकही गाणे नाही. तालुक्याच्या गावी वाढणाऱ्या मुलामुलींना प्रेमाची भाषा हिंदी चित्रपटाने शिकविली. ती भाषा दिग्दर्शकाने त्यांना मनसोक्त वापरू दिली, आणि मग ती काढून घेतली. उरले ते हैदराबादच्या झोपडपट्टीतील पत्र्याचे खोपटे, तेलुगूतील गलबला, आणि भात शिजविता न येणारी पाटलाची मुलगी.

हैदराबादेबद्दल एक विषयांतर सोलापूरकराने करावे असेच आहे. तेलंगणातील विणकरांची कुटुंबे पिढ्यान्‌पिढ्या पोटासाठी सोलापुरात येत राहिली, आणि या शहराच्या पूर्वभागात तेलुगू ही घरची भाषा झाली. ‘सैराट’मधील दोन जीव त्याच वाटेने उलट दिशेला जातात. त्यांना आसरा देणारी सुमनअक्का मराठीही बोलते आणि तेलुगूही. पुण्या-मुंबईच्या प्रेक्षकाला हैदराबाद म्हणजे परमुलूख वाटला असेल. आपल्याला तसे वाटण्याचे कारण नाही. या जिल्ह्यातून पळणाऱ्या माणसाने त्या दिशेची गाडी धरणे अगदी स्वाभाविक आहे.

आर्चीच्या व्यक्तिरेखेत श्री. मंजुळे यांनी आपल्याच पहिल्या चित्रपटातील उणीव भरून काढली, असे माझे मत आहे. ‘फँड्री’तील शालू जवळजवळ मुकी आहे. ती जब्याच्या नजरेतून दिसते, आणि तिला स्वतःला काय वाटते हे आपल्याला कधीच कळत नाही. ‘सैराट’मध्ये पाहणारी आर्ची आहे. ती बुलेट चालविते, ट्रॅक्टर चालविते, परशाकडे टक लावून पाहते आणि त्यालाच लाजविते. अकलूजच्या रिंकू राजगुरू या शाळकरी मुलीने ही भूमिका ज्या बेदरकारपणे केली तिची विशेष उल्लेखाने राष्ट्रीय पातळीवर नोंद झाली. जेऊरच्या आकाश ठोसर यांचा परशा तिच्यापुढे मुद्दाम मऊ ठेवलेला आहे. मात्र आर्चीचे हे धैर्य कोठून येते? ते तिच्या जातीच्या व बापाच्या सत्तेतून येते, हे चित्रपट लपवीत नाही. हैदराबादेत ती सत्ता संपते, आणि मग परशा तिच्यावर संशय घेतो, हात उगारतो. ती निघून जाते, गाडीत बसते, आणि परत येते. शोषित नायकालाही पुरुष म्हणून निर्दोष न ठेवणे, ही गोष्ट मराठीतील बंडखोर म्हणविणाऱ्या पुष्कळ लेखनात मला आढळलेली नाही. बाटल्या भरण्याच्या कारखान्यात काम करीत, भाषा शिकत, ती जी दुसऱ्यांदा उभी राहते ते धैर्य मात्र तिचे स्वतःचे.

शेवट सर्वांना ठाऊक आहे. माहेरची माणसे साड्या व भेटी घेऊन येतात, चहा होतो. आणि नंतर शेजारणीचे बोट धरून घरी आलेले मूल रक्तात पाऊल ठेवून, रडत, पावलांचे ठसे उमटवीत बाहेर जाते. आवाज पूर्णपणे नाहीसा केलेला आहे. हत्या दाखविलेली नाही. ज्या चित्रपटाने वाद्यवृंदाचा एवढा थाट मांडला होता त्याने शेवटी प्रेक्षकाला नुसत्या शांततेत सोडावे, यातच पूर्वार्धातील त्या साऱ्या संगीताचे प्रयोजन होते.

या रचनेचे मर्म तिच्या अनुकरणांवरून अधिक स्पष्ट होते. ‘सैराट’ची कन्नड, पंजाबी, उडिया, बंगाली व हिंदी रूपांतरे झाली. हिंदी ‘धडक’ (२०१८) उदयपुरात घडतो. त्यात जातीचा उल्लेख इतका पुसट केला आहे की तो श्रीमंत-गरीब प्रेमाचा नेहमीचा खेळ होऊन बसतो. शेवटी मुलगी जिवंत राहते, तिचा नवरा व मूल मारले जातात. मूळ चित्रपटात मूल उरते. मूल उरले तर प्रश्न उरतो : हे मूल कोणत्या जातीचे म्हणून वाढणार, कोणाच्या घरी, कोणत्या गावात? मूल गेले तर केवळ शोक उरतो. भांडवल दोन्ही ठिकाणी मोठ्या संस्थांचेच होते, आणि आकाराने हिंदी चित्रपट मोठा. तरीही एकात विषय शाबूत राहिला व दुसऱ्यात निसटला. दिग्दर्शकाने आपले गाव, आपली बोली, आपल्या ओळखीचे चेहरे आणि आपला शेवट या चार गोष्टींचा ताबा सोडला की नाही, एवढाच फरक.

यशाचा दुसरा परिणाम मात्र कोणाच्याच ताब्यात राहिला नाही. ‘झिंगाट’ हे गाणे चित्रपटापासून सुटून वरातीत शिरले. ज्या समारंभात स्वजातीतील लग्न ठरवून लावले जाते तेथेच ते सर्वांत जोराने वाजते, ही विसंगती ऐकणाऱ्याला बोचत नाही. चित्रपटाने समाज बदलतो या भाबड्या श्रद्धेला हे उत्तर पुरेसे आहे, आणि श्री. मंजुळे यांना त्याची जाणीव नसेल असे वाटत नाही.

एवढ्या गजरानंतर त्यांनी ‘पावसाचा निबंध’ हा लघुपट केला (२०१७). गुरुजींनी पावसावर निबंध लिहून आणावयास सांगितले आहे. घरी छप्पर गळते आहे, बाप दारू पिऊन पडला आहे, आई भांडी मांडते आहे, आणि मुलाला लिहिता येत नाही. पाऊस सुंदर असतो असे शाळा म्हणते. ६५ व्या राष्ट्रीय पुरस्कारांत कथाबाह्य विभागातील दिग्दर्शनाचे पारितोषिक या कृतीस मिळाले. मराठीच्या अध्यापकांनी ती अवश्य पाहावी, कारण त्यातला आरोप आपल्या विषयावर आहे. पाठ्यपुस्तकातील निसर्गवर्णन हे कोरड्या घरात बसून केलेले वर्णन असते, हे कोणत्याही समीक्षाग्रंथाने इतक्या थोड्या वेळात सांगितलेले नाही. माझ्या मते ही त्यांची सर्वांत निर्दोष कृती होय, जरी तिचा प्रेक्षक सर्वांत थोडा असला तरी.

निर्माता म्हणून त्यांच्या ‘आटपाट’ संस्थेने केलेल्या ‘नाळ’ (२०१८) या चित्रपटाचा उल्लेख येथे ओझरता करतो. ‘सैराट’चे छायालेखक श्री. सुधाकर रेड्डी यक्कंटी यांचे ते दिग्दर्शनातील पदार्पण, आणि तेही राष्ट्रीय पुरस्कारप्राप्त. ‘घर बंदूक बिरयानी’ (२०२३) मध्ये त्यांनी अभिनय केला. त्या चित्रपटाबद्दल विस्ताराने लिहावे असे काही मला आढळले नाही.

‘झुंड’ (४ मार्च २०२२) हा हिंदीतील चित्रपट मात्र टाळता येणार नाही. नागपूरचे क्रीडाशिक्षक श्री. विजय बारसे यांनी झोपडपट्टीतील मुलांना फुटबॉल शिकविण्याचे जे काम केले त्यावर तो आधारलेला असून, शिक्षकाच्या भूमिकेत श्री. अमिताभ बच्चन आहेत. हिंदी चित्रपटातील ज्या नटाला पाहत दिग्दर्शकाची पिढी वाढली त्यालाच वस्तीत आणून आंबेडकर जयंतीच्या मिरवणुकीत उभे करणे, हा एका अर्थाने वैयक्तिक हिशेब होता. पण अडचणही तेथेच आहे. ‘फँड्री’त आणि ‘सैराट’मध्ये कोणी उद्धारक नव्हता, येथे आहे, आणि तो एवढा मोठा आहे की मुलांना पडद्यावर जागा मिळविण्यासाठी त्याच्याशी झगडावे लागते. चित्रपट तीन तासांच्या जवळ जातो. मधल्या भागात मुले एकामागून एक आपली हकीकत सांगतात आणि कथा थांबते. पुष्कळांना ते कंटाळवाणे वाटले. मला तो भाग महत्त्वाचा वाटला. तेथे चित्रपट पुन्हा आत्मकथनाकडे वळतो, ‘मी’ असा थेट उच्चार करतो. जी हमी ‘फँड्री’ने मोडली होती ती येथे अनेक तोंडांनी परत दिली जाते. विमानतळावरील दृश्य आणि वस्तीच्या कडेची ती भिंत, जी ओलांडण्यास सक्त मनाई आहे अशी पाटी तिच्यावर आहे आणि जिच्यावरून विमान जाते, हे दोन्ही ‘फँड्री’च्या शाळेच्या भिंतीचेच पुढचे रूप आहे. पहिली भिंत महापुरुषांची होती, दुसरी नुसतीच मनाईची.

जाता जाता आपल्या विभागातील अभ्यासकांसमोर एक काम ठेवतो. करमाळा-माढा-माळशिरस भागातील बोलीचे, तिच्यातील हेलांचे, क्रियापदांच्या रूपांचे आणि शिव्यांचेही, एवढे विपुल ध्वनिमुद्रण ‘सैराट’इतके अन्यत्र क्वचितच सापडेल, आणि ते त्या भागातील माणसांच्या तोंडचे आहे. ‘फँड्री’त कैकाडी संभाषण आहे. चित्रपट म्हणून या कृतींवर लिहिणारे पुष्कळ निघतील. बोलीची सामग्री म्हणून त्यांचे शब्दशः लिप्यंतर करून, जेऊर, केम, कंदर येथील वृद्धांना ऐकवून, कोणते रूप आजचे, कोणते नटाचे आणि कोणते गावचे, हे जागच्या जागी तपासून घेण्याचे काम येथील विद्यार्थीच करू शकतील. सोलापूरहून जेऊरला जाणारी गाडी सकाळी निघून संध्याकाळी परत आणते.